मतदानाच्या दिवशीची होडी

"काका, आज मत द्यायला जायचं ना आपण?" रॉरीनं विचारलं.

"आय," साहेब म्हणाले.

"बघा, मिसेस रेडेकर. स्वतः होय म्हणाले." रॉरीनं त्यांच्या कोटाला निळ्या रिबिनीचं फूल टोचलं, मागे सरून बघितलं आणि पुन्हा पुढे होऊन जरा सरळ केलं. निळा त्यांच्या पक्षाचा रंग.

मी फुलाकडे बघतच नव्हते. मी साहेबांच्या डाव्या हाताकडे बघत होते. तो हात हळूच मांडीखाली गेला होता.

"ते नाही म्हणताहेत," मी म्हणाले.

"तुम्ही ऐकलंत ना आत्ता?"

"ऐकलं. पण हात बघा त्यांचा."

रॉरीनं हात बघितला नाही, घड्याळ बघितलं. "अकरा वाजता गाडी घेऊन येतो. काका मतदानाच्या हॉलच्या पायऱ्या चढताना दिसले की आपली जुनी मंडळी घराबाहेर पडतील. तोवर त्यांना कुठे बाहेर नेऊ नका, वारा बोचरा आहे. हे मी एजन्सीलाही सांगून ठेवलंय."

हा शेवटचा टोला मला होता. माझं वर्क परमिट नर्स पुरवणाऱ्या त्या एजन्सीच्या हातात होतं. एजन्सीनं ठरवलं असतं तर गाशा गुंडाळून मी थेट गडहिंग्लजला.

ही गोष्ट दोन हजार पाच सालच्या मे महिन्यातली. मिरजेला नर्सिंग करून, कोल्हापुरात पंधरा वर्षं घासून, मी लेकीला माझ्या आईपाशी ठेवलं आणि स्कॉटलंडला गेले. एजन्सीनं मला पाठवलं ते पार उत्तरेच्या डोंगरात, आर्दन नावाच्या दरीत. मध्ये लांबलचक तळं, त्याला तिकडे लॉख म्हणतात. अलीकडच्या काठावर सर कॉलिन इनरडेल यांचं मोठं दगडी घर, पलीकडच्या काठावर त्यांच्या कुळांची बुटकी पांढरी घरं. आख्खी दरी साहेबांच्या मालकीची. तरुणपणी एडिंबरात नावाजलेली वकिली, मग या भागाचे खासदार. सगळे म्हणायचे, ते बोलायला उठले की पार्लमेंटात चहाला गेलेले लोक परत येऊन बसायचे.

आणि आदल्या वर्षी त्या माणसाला अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली ती गेलीच, वर वाचाही गेली. उरला एक शब्द. 'आय', म्हणजे त्यांच्याकडचं 'होय'. पाणी हवंय का, आय. दुखतंय का, आय. बरं वाटतंय का, तरी आय. आमच्या बाजूला आईला आय म्हणतात, त्यामुळे पहिल्या दिवशी ऐकून मला माझी आईच आठवली होती.

पण महिन्याभरात मला त्यांची खूण कळली. नको असलं की डावा हात मांडीखाली जायचा, औषध बघून पोरं हात लपवतात तसा. खरंच हवं असलं की तोच हात पांघरुणावर उताणा पडायचा. तोंड काहीही म्हणो, हात खोटं बोलायचा नाही. हे मी रॉरीला दोनदा सांगितलं होतं. त्याला वाटलं, नर्सबाईंची कल्पना.

रॉरी वाईट नव्हता हो. साहेबांनी लग्न केलं नव्हतं, त्यामुळे पुतण्या म्हणा, मुलगा म्हणा, हाच. दर रविवारी यायचा, काकांसमोर बसायचा. पण 'आय' ऐकलं की त्याचं समाधान व्हायचं आणि तो फोनकडे वळायचा. त्या वर्षी काकांच्या जुन्या जागेवर तो पहिल्यांदा उभा होता आणि हरायच्या धास्तीनं त्याला झोप नव्हती.

त्याची गाडी गेली तसे साहेब खिडकीकडे मान वळवून बसले. लॉखवर कोवळं ऊन पडलं होतं. "आय," ते म्हणाले. मग पुन्हा, "आय, आय." हात मांडीखालीच.

मी चहा टाकायला स्वयंपाकघरात गेले तर दारात डुगल उभा. डुगल साहेबांचा जुना माणूस. गाडी, बाग, होडी, सगळं तोच बघायचा. वयानं माझ्यापेक्षा वीस वर्षांनी मोठा, पण मी मनातल्या मनात त्याला अरेतुरे करायची. इंग्रजीत कळत नाही, हे एक बरं.

"होडी तयार आहे," तो म्हणाला.

"कुठली होडी?"

दिवाळीच्या पहाटे कुणी 'आंघोळ कशाला' म्हणून विचारावं, तसा तो माझ्याकडे बघायला लागला. "वैजू, आज मतदान आहे."

"म्हणून तर रॉरी येणार आहे अकरा वाजता. साहेबांना मत द्यायला न्यायला."

डुगलनं टोपी काढली आणि खुर्चीत बसला. "ते नाही जाणार. पन्नास वर्षांत गेले नाहीत."

मग त्यानं सांगितलं ते असं. त्यांच्या पार्लमेंटात एक जुनी रीत आहे. समोरासमोरच्या बाकांवरचे दोन खासदार आपसांत ठरवतात, की तू मतदानाला गैरहजर राहा, मीही राहतो. दोघांची मतं एकमेकांत वजा, कुणाचंच नुकसान नाही. त्याला जोडी लावणं म्हणतात. लिहून काही घेत नाहीत. शब्दावर चालतं आणि जोडी मोडणाऱ्याला कुणी दारात उभं करत नाही. साहेब पहिल्यांदा निवडणुकीला उभे राहिले तेव्हा त्यांनी अशी जोडी लावली ती पलीकडच्या काठावरच्या शाळामास्तरणीशी, इशबेल मॅक्रेशी. ती विरोधी पक्षाची. कुळांच्या बाजूनं भांडणारी आणि दरीतली सगळ्यांत तिखट जीभ.

"पण शब्द पाळला जातोय हे बघणार कोण?" डुगल म्हणाला. "म्हणून मतदान सुरू झाल्यापासून बंद होईपर्यंत दोघांनी लॉखच्या मधोमध एका होडीत बसायचं. दोन्ही काठांवरून सगळ्यांना दिसेल असं. आधी माझा बाप वल्ही मारायचा, मग मी."

"म्हणजे साहेबांनी स्वतःलाच मत दिलं नाही कधी?"

"एकदाही नाही. एकदा थोडक्यात पडले, तेव्हा पक्षाची माणसं त्यांना होडीसकट बुडवायला निघाली होती."

मला आमचं गाव आठवलं. ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत आबा एका पॅनेलला आणि मामा दुसऱ्याला. त्यानंतर मामानं आमचा उंबरा ओलांडला तो थेट आबांच्या मयतीला. आणि इथं हे दोघं दर निवडणुकीला एका होडीत.

"पण इशबेलबाईंना तर डॉक्टरांनी उठायलाही बंदी केलीय," मी म्हणाले. तिचं हृदय थकत चाललं होतं. आता काही करण्यासारखं राहिलं नाही, असं तिकडे जाणारी नर्स मला म्हणाली होती.

"मी आत्ताच पलीकडे जाऊन आलो. टोपी घालून बसली आहे. म्हणाली, कॉलिन आला नाही तर एक तर त्यानं शब्द मोडला, नाहीतर तो मेला. दोन्हींतलं कुठलंही मला चालणार नाही म्हणून सांग."

मी ओट्याला टेकून उभी राहिले. आपण बरं नि आपलं काम बरं, असं मी स्वतःला बजावलं. परक्या मुलखात कशाला हात दाखवून अवलक्षण? साहेबांना थंडी बाधली तर रॉरी मला सोडणार नव्हता आणि त्याचं चूकही नसतं. पण चहा घेऊन आत गेले तर म्हातारा त्या खिडकीला डोळे लावून बसलेला. आयुष्यभर बोलून जिंकलेला माणूस आणि आज एवढी एक गोष्ट सांगायला त्याच्याकडे शब्द नाही.

मी त्यांच्या खुर्चीपाशी गुडघ्यांवर बसले. "साहेब, मत द्यायला जायचं?"

"आय." हात मांडीखाली.

"होडीत जायचं?"

"आय."

हात बाहेर आला. सावकाश, आणि पांघरुणावर उताणा पडला.

मग मी जास्त विचार केला नाही. रक्तदाब बघितला, छाती तपासली. दोन लोकरी बनियनं, वर कोट, कानटोपी, मफलर, मांडीवर पांघरूण आणि खांद्यांवर माझी शाल. थर्मासमध्ये मऊ भात भरला, कारण कोरडं त्यांच्या घशाखाली उतरायचं नाही. डुगलनं त्यांना लहान मुलासारखं उचललं आणि होडीत पाठीला उशा लावून बसवलं. मी मात्र गावच्या हिरण्यकेशी नदीत गुडघाभर पाण्याच्या पुढे कधी गेले नव्हते. होडी हलली तशी मी एका हातानं साहेबांना धरलं आणि दुसऱ्या हातानं होडीला. डुगल म्हणाला, "होडी सोडलीस तरी चालेल, ती जात नाही कुठे."

पलीकडच्या धक्क्यावर तो वर गेला आणि इशबेलबाईंना दोन्ही हातांवर घेऊन आला. एवढीशी झाली होती ती. डोक्यावर लाल लोकरीची टोपी, ओठ निळसर, पण तोंड चालू. "खाली ठेव मला. तुला पाढे मी शिकवलेत, विसरू नको." होडीत बसल्यावर तिनं आधी दम घेतला, मग साहेबांकडे वरपासून खालपर्यंत बघितलं.

"उशीर केलास, कॉलिन."

"आय."

"आणि हे काय? होडीत प्रचार? काय ठरलंय आपलं?" तिनं वाकून त्यांच्या कोटाचं निळं फूल काढलं आणि आपल्या टोपलीत टाकलं. साहेब तोंडाच्या एका बाजूनं हसले. मी त्या घरात आल्यापासून ते हसलेले मी पहिल्यांदा बघितले.

लॉखच्या मधोमध डुगलनं वल्ही आत घेतली. काठावर पिवळ्या फुलांची काटेरी झुडपं नुसती भरून आली होती. कोकरं ओरडत होती. इशबेलबाईंनी टोपलीतून गळ काढून पाण्यात सोडला.

"मासे लागतात?" मी विचारलं.

"पन्नास वर्षांत एक. तोसुद्धा आंधळा असणार." मग माझ्या डब्याकडे बोट. "त्यात काय आहे?"

मी सवयीनं दाण्याची चटणी आणली होती. तिनं आपल्या ओटच्या भाकरीच्या तुकड्यावर बोटभर घेतली, तोंडात टाकली आणि तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. "पोरी, ही तू आधी आणली असतीस तर मी यांचं सरकार केव्हाच पाडलं असतं." असं म्हणून तिनं आणखी घेतली.

मी साहेबांना चमच्यानं भात भरवत होते. तिनं माझ्या हातातून चमचा घेतला. तिचा हात कापत होता, त्यांची मान कापत होती, अर्धा भात मफलरवर सांडत होता. मी मध्ये पडले नाही.

"तुम्ही दोघांनी जोडी लावलीत कशी?" मी विचारलं. फाटक्या तोंडाची मी, मला गप्प बसवत नाही.

"हा मत मागायला माझ्या शाळेत आला होता," ती म्हणाली. "नवीन बूट, नवीन भाषण. मी म्हणाले, साहेब, तुमचं मत तुम्हाला, माझं तुमच्या विरुद्ध. दोन्ही मिळून शून्य. मग त्या दिवशी भिजत हॉलपर्यंत कशाला जायचं? हा म्हणाला, ठरलं, जोडी. मला वाटलं थट्टा आहे. तर मतदानाच्या दिवशी सकाळी सातला हा माझ्या धक्क्यावर होडी घेऊन हजर."

"आणि मग?"

"मग काय. दिवसभर भांडलो. जमिनीवरून, भाड्यावरून, याच्या आजोबांवरून. संध्याकाळी यानं लग्नाचं विचारलं."

माझा चमचा पुसायचा फडका हातातच राहिला. डुगल दुसरीकडे बघायला लागला, म्हणजे त्याला माहीत होतं.

"मी नाही म्हणाले," इशबेलबाई म्हणाल्या. "याच्या घरात गेले असते तर माझ्या माणसांच्या बाजूनं उभं कोण राहिलं असतं? आणि हा माझ्यासाठी पक्ष सोडता तर मलाच तो आवडला नसता. तर राहिलं ते. तो त्याच्या काठावर, मी माझ्या."

"इतर दिवशी भेटत नव्हता?"

"सभांमध्ये भेटायचो की. तो मला खोटारडी म्हणायचा, मी त्याला गोचीड म्हणायचे." तिनं साहेबांच्या मफलरवरचं शीत उचललं. "एरवी मी जमीनदाराच्या दारात दिसले असते, तर माझे लोक म्हणाले असते, बाई विकली गेली. तो माझ्या दारात दिसला असता, तर त्याचे म्हणाले असते, कॉलिन फितला. पण मतदानाच्या दिवशी आख्ख्या दरीच्या डोळ्यांसमोर आम्ही पहाटेपासून रात्रीपर्यंत बसलो, तरी कुणी ब्र काढत नव्हतं. उलट दुर्बिणी लावून खात्री करायचे, कुणी पळून तर गेलं नाही ना."

मी बोटांवर हिशेब केला. "म्हणजे चार-पाच वर्षांत एक दिवस?"

"एक दिवस. चौऱ्याहत्तर साली मात्र दोन. एकाच वर्षात दोन निवडणुका लागल्या, देशाची पार दुर्दशा होती, सगळे चेहरे पाडून बसले होते. मी घरात एकटी गाणी म्हणत होते." ती हसली, मग खोकली. खोकला थांबेपर्यंत साहेबांचे डोळे तिच्यावरून हलले नाहीत. "आणि एक दिवस तर यानं चोरला. सांगू का, कॉलिन?"

"आय."

हात मांडीखाली गेला. मी ते बोलून दाखवलं. "ते नको म्हणताहेत. नको असलं की हात असा मांडीखाली जातो, आणि हवं असलं की पांघरुणावर उताणा."

"हो का?" इशबेलबाईंनी तो हात नीट बघून घेतला. "मग तर सांगतेच. सदुसष्ट साल. सरकारनं या लॉखवरची टपालाची बोट बंद केली. हा संसदेत उठला आणि म्हणाला, माझ्या लोकांवर अन्याय होतोय, मी खासदारकीचा राजीनामा देतो, पुन्हा निवडणूक घ्या आणि लोकांनाच विचारा. सगळे पेपर याच्यावर. अग्रलेख काय, फोटो काय. तत्त्वासाठी खुर्ची सोडणारा शेवटचा माणूस, असं लिहून आलं होतं. मलासुद्धा वाटलं, चला, गोचिडाला कणा आहे."

"मग?"

"मग पोटनिवडणूक लागली. आम्ही होडीत बसलो. मी म्हटलं, कॉलिन, आज मी तुला मानलं. तर हा पाण्याकडे बघत म्हणाला, टपालाच्या बोटीचं काय, ते मी एका फोनवर करून घेतलं असतं. पुढची निवडणूक चार वर्षांवर होती, इशबेल. मला एवढं थांबवेना."

डुगलनं वाहवत चाललेली होडी एका वल्ह्यानं सरळ केली.

"मी त्याला दिवसभर झापलं," ती म्हणाली. "लोकांच्या पैशाची नासाडी, लाज नाही वाटत, असं सगळं. त्यात हा ती निवडणूक हरला. खासदारकी गेली, तीन वर्षं घरी बसला. आणि रात्री निकाल लागला तेव्हा व्यासपीठावर उभा राहून वेड्यासारखा हसत होता. याला हरायचं दुःख का नाही, हे आख्ख्या देशात मला एकटीला माहीत होतं." मग ती हळू आवाजात म्हणाली, "टपालाची बोट मात्र वाचली हं."

मला रडू आवरेना. मी हातातल्या फडक्यानंच डोळे पुसले. लग्न करून एका छताखाली राहून माझ्या नवऱ्यानं माझ्यासाठी एक घटका कधी खोटी केली नव्हती आणि या माणसानं खासदारकी टाकली होती एका दिवसासाठी.

तेवढ्यात अलीकडच्या काठावरून गाडीचा हॉर्न वाजायला लागला. धक्क्यावर रॉरी उभा होता, दोन्ही हात हलवत. अकरा वाजून गेले होते.

इशबेलबाईंनी डोळ्यांवर हात धरून तिकडे बघितलं. "पोरगा घाबरलाय. ही जागा जाणार त्याची, माझ्या लोकांनी या वेळी जोर लावलाय." मग साहेबांकडे वळून ती नीट, शाळेत सांगावं तशी म्हणाली, "कॉलिन, ऐक. मी काही रात्रीपर्यंत बसू शकत नाही आणि मत द्यायला जाण्याचं तर मला बळच नाही. माझ्याकडून तुला मोकळीक. शब्द मोडला असं मी म्हणणार नाही. तुझं पोर आहे ते. जा, त्याला मत दे."

"आय," साहेब म्हणाले.

हात मांडीखाली. इतका आत, की कोपर बाहेर आलं.

मी सांगायला तोंड उघडलं, पण तिनंच मला थांबवलं. "दिसलं मला. आणि न दिसतं तरी कळलं असतं. हा नाही कसं म्हणतो ते मी पन्नास वर्षं बघत आले आहे."

तिनं गळाची दोरी त्यांच्या डाव्या हातात दिली आणि वरून आपला हात ठेवला. लॉखच्या मधोमध, दोन्ही काठांवरून दिसेल असं. हॉर्न वाजायचा थांबला. तिचा श्वास जड व्हायला लागला, तसं मी डुगलला खूण केली.

तिच्या धक्क्यावर डुगलनं तिला उचललं. जाता जाता ती म्हणाली, "थांब जरा," आणि डुगलच्या हातांवरूनच साहेबांच्या पाठीमागून त्यांच्या कानाशी वाकून काहीतरी विचारलं. मला ऐकू आलं नाही.

"आय," साहेब म्हणाले.

मी त्यांच्या समोर बसले होते. गळाची दोरी त्यांनी सोडून दिली आणि हात पांघरुणावर उताणा पडला.

आमच्या धक्क्यावर रॉरीचा टाय वाऱ्यानं खांद्यावर गेला होता आणि चेहरा लालबुंद. "तुम्हाला काय सांगितलं होतं मी? एजन्सीला आत्ता फोन करतो."

"करा," मी म्हणाले. "आधी काकांना आत नेऊ द्या, मग दोघं मिळून करू."

डुगलनं साहेबांना चाकाच्या खुर्चीत बसवलं. रॉरी पुढे झाला, आवाज मऊ केला. "काका, अजून वेळ आहे. चलायचं ना हॉलवर?"

"आय."

त्यानं खुर्ची वळवायला हात घातला. मी खुर्चीची दांडी धरली. "रॉरीसाहेब, मला उद्या काढून टाका. पण आज एकदा त्यांचा हात बघा."

त्यानं बघितलं. हात मांडीखाली होता. माझ्याकडे बघितलं, डुगलकडे बघितलं. डुगलनं मान हलवली. मग रॉरी तिथंच, त्या ओल्या फळ्यांवर, चांगल्या सुटात गुडघे टेकून बसला.

"काका, थंडी वाजतेय?"

"आय." हात जागचा हलला नाही.

"चहा हवाय?"

"आय." हात बाहेर आला आणि उताणा पडला.

रॉरीचा चेहरा बदलत गेला. वर्षभर काकांशी तो बोलत आला होता, पण काकांचं उत्तर त्याला आज पहिल्यांदा मिळत होतं.

"मी ही जागा घालवली," त्यानं अगदी हळू विचारलं, "तर माझ्यावर रागवाल?"

"आय," साहेब म्हणाले. आणि हात चटकन मांडीखाली गेला.

रॉरीनं त्यांच्या गुडघ्यावर डोकं टेकलं. उठल्यावर त्यानं नाक पुसलं आणि कोटाकडे बघून म्हणाला, "फूल कुठं गेलं?"

"इशबेलबाईंच्या टोपलीत," मी म्हणाले.

एजन्सीचा फोन आला नाही. रॉरी ती निवडणूक हरला, थोडक्यात हरला. दुसऱ्या दिवशी येऊन काकांसमोर दोन तास बसला, फोन गाडीत ठेवून.

जून संपत आला तेव्हा डुगल मला पलीकडे घेऊन गेला. इशबेलबाईंनी मला एकटीला बोलावलं होतं. दुसऱ्या दिवशी ती गेली, पण त्या दुपारी अगदी शुद्धीत होती. पलंगासमोरच्या आरशाच्या चौकटीत निळं फूल खोचलेलं होतं. तिनं मला जवळ बसायची खूण केली.

"तो हाताचा हिशेब तूच शोधलास ना?" ती म्हणाली.

"हो."

"त्या दिवशी माझ्या धक्क्यावर मी कॉलिनच्या कानात काहीतरी विचारलं. तो आय म्हणाला. पण त्याचं आय म्हणजे सगळंच. मी पाठीमागून वाकले होते, मला हात दिसला नाही. तू समोर होतीस. कुठे होता हात?"

"बाहेर होता," मी म्हणाले. "पांघरुणावर. उताणा."

"नक्की?"

"माझ्या लेकीची शपथ."

तिनं डोळे मिटून घेतले. मला वाटलं झोपली. पण माझं तोंड, त्या घटकेलाही राहवलं नाही. "काय विचारलं होतं तुम्ही?"

"पुढच्या निवडणुकीला येशील ना, एवढंच."

मी तिचा हात हातात घेतला. खिडकीतून पलीकडचं घर दिसत होतं आणि त्या घराची खिडकी, जिच्यापाशी मी सकाळी साहेबांची खुर्ची लावून आले होते.

"चार वर्षं आहेत अजून," ती म्हणाली. "असू दे. मला थांबवेल."